माणशी पन्नास चौरस किलोमीटर : नुनावुतमध्ये राहतं कोण?

नकाशावेडा

नमस्कार मंडळी,

रविवारी पोराला घेऊन नकाशा मांडून बसलो होतो. (चिरंजीव पाचवीत. राजधान्या पाठ करायचं खूळ आहे, घराण्यातच आहे.) कॅनडाच्या वरच्या अंगाला चिंध्या केल्यासारखी बेटं पसरलीत, त्यांवर बोट ठेवून विचारतो, "बाबा, इथे कोण राहतं?" मला धड सांगता येईना. मग शोधाशोध केली आणि तेव्हापासून आकडे डोक्यातून जात नाहीयेत.

नाव नुनावुत. कॅनडाचा सगळ्यात मोठा आणि सगळ्यात नवा प्रदेश, आपल्या केंद्रशासित प्रदेशासारखा काहीसा. १ एप्रिल १९९९ ला नॉर्थवेस्ट टेरिटरीजमधून वेगळा काढला. क्षेत्रफळ साधारण २०.९ लाख चौ. किमी, म्हणजे पावणेसात महाराष्ट्र. आणि २०२१ च्या जनगणनेत लोकसंख्या किती? ३६,८५८! आमच्या वॉर्डात यापेक्षा जास्त मतदार आहेत. एकूण वस्त्या २५. एका वस्तीतून दुसऱ्या वस्तीला जायला रस्ता नाही, उरलेल्या कॅनडातून तिथे जायलाही नाही. विमान, नाहीतर उन्हाळ्यात बोट.

पाणी वगळून नुसती जमीन धरली तरी माणशी ५० चौ. किमी येतात. या हिशोबाने बृहन्मुंबईत बारा माणसं राहतील.

माझा प्रश्न असा की एवढ्याशा लोकांसाठी वेगळं विधिमंडळ, मुख्यमंत्री, खाती, न्यायालय हा खटाटोप कशाला? होते तिथेच काय वाईट होतं? मला तरी हे हौसेला मोल नाही छाप वाटतं. चिरंजीवांचा प्रश्न वेगळाच आहे: "एका माणसाला एवढी जागा, मग त्यांची घरं केवढी मोठी असतील?"

जाणकारांनी प्रकाश टाकावा.

पावशेर

मुंबईत बारा माणसं असली तरी दादरला चढायला मिळणार नाही. बाराही दारातच उभी राहतील.

खमंग_काकडी

पावशेर, हसून हसून पुरेवाट!

बोरिवलीचं नॅशनल पार्क शंभर-एक चौ. किमी आहे. म्हणजे त्यात दोन माणसं. बिबट्यांनी काय करायचं मग?

दुबईकर_बंड्या

नकाशावर विसंबू नका हो. मर्केटरच्या नकाशात वरचे देश फुगतात. ग्रीनलंड आफ्रिकेएवढं दिसतं, प्रत्यक्षात चौदा ग्रीनलंड आफ्रिकेत मावतील. तुमचं नुनावुतही तसंच फुगलेलं असणार.

नकाशावेडा

@दुबईकर_बंड्या, फुगतं हे खरंच. पण मी दिलेला आकडा पट्टी लावून काढलेला नाही, मोजणीचा आहे. फुगा फोडूनही ते मेक्सिकोपेक्षा मोठंच भरतं. त्यातलं एक बॅफिन बेट घ्या: ५ लाख चौ. किमीच्या वर, जगात पाचव्या क्रमांकाचं. अख्खा महाराष्ट्र त्यात ठेवून गुजरातही बसवता येईल.

पावशेर

गुजरात नको.

तळ्यातमळ्यात

आपल्याकडचं विरळ म्हणजे काय ते ताडून पाहिलं. लाहौल-स्पीती जिल्हा, १३,८३५ चौ. किमी, २०११ ला ३१,५६४ माणसं. चौ. किमीला दोन. अरुणाचलचं दिबांग खोरं, ८,००४ माणसं, चौ. किमीला एक. आपल्याला हे म्हणजे विरळपणाचा कळस वाटतो. नुनावुत त्याच्याही पन्नास पट विरळ आहे. लाहौल-स्पीतीतली माणसं तेवढीच, आणि जागा दीडशे पट, असं धरून चला.

स्पीतीला मी तीनदा गेलोय. काझाच्या पुढे तासभर गाडीत माणूस दिसत नाही, तेव्हा आपण किती लांब आलो असं वाटायचं. ती फुशारकी आज उतरली.

भामरागडी

दरडोई खर्चाचा हिशोब निघाला की माझं डोकं तापतं, म्हणून लिहितोय. गैरसमज नसावा.

मी बारा वर्षं गडचिरोलीत मास्तरकी केली. आमचा जिल्हा महाराष्ट्रात सगळ्यात विरळ, तरी चौ. किमीला ७४ माणसं. पर्लकोटेला पूर आला की भामरागडचा संबंध तुटतो. पुण्या-मुंबईत बसलेला माणूस म्हणतो, "मूठभर लोकांसाठी पूल कशाला?" तुमचा प्रश्न मला त्याच जातीचा वाटला.

"होते तिथेच काय वाईट होतं" म्हणता. होते तिथे म्हणजे नॉर्थवेस्ट टेरिटरीजच्या राजधानीच्या, यलोनाइफच्या ताब्यात. नुनावुतची राजधानी इकालुइत, तिथून यलोनाइफ दोन हजार किमीहून लांब. त्याच्याही आधी, १९६७ पर्यंत, कारभार थेट ओटावातून चालायचा. म्हणजे तुमच्या गावच्या शाळेची घंटा कुठली बसवायची हे तिरुअनंतपुरममध्ये ठरणार, आणि ठरवणाऱ्याला तुमची भाषा येत नाही. १९८२ मध्ये लोकांना विचारलं, वेगळं व्हायचं का? ५६ टक्के हो म्हणाले. आपण १९६० ला काय केलं होतं? एकशे सहा हुतात्मे दिले ते हौसेला मोल नाही म्हणून?

नकाशावेडा

भामरागडी सर, मुद्दा पोचला. हौसेचा शब्द मागे घेतो. पण महाराष्ट्र तेव्हाही चार कोटींच्या घरात होता, आणि हे छत्तीस हजार. फरक आहे ना काही?

पावशेर

वानखेडे भरेल, वर तीन-साडेतीन हजार बाहेर ब्लॅकचं तिकीट शोधत फिरतील.

शंकासुर

मी नकाशावेडा यांच्या बाजूने. भावनेचं सोडा, पैसा कुठून येतो ते बघा. तिथल्या सरकारच्या तिजोरीत येणारा बहुतेक पैसा ओटावातून येतो. स्वतःचं उत्पन्न नगण्य. लोखंडाची मोठी खाण आहे (बॅफिनवर, मेरी रिव्हर), सोन्याच्या खाणी आहेत, पण सरकारी जमिनीखालच्या खनिजांचा कारभार अजूनही केंद्राकडे. तो सोपवायचा करार जानेवारी २०२४ मध्ये झाला, अंमल २०२७ पर्यंत. म्हणजे पंचवीस वर्षं राज्य दिलं आणि किल्ल्या स्वतःच्या कमरेला. हे कसलं स्वराज्य?

आणि कॅनडाला त्यांचा एवढा पुळका का? ओसाड बेटांवर आपली माणसं राहतायत असं जगाला दाखवायचं असतं. त्याशिवाय तो बर्फाळ समुद्र आपला म्हणता येत नाही.

म्हातारबा

शंकासुर शेवटी जे बोलले त्याला पुरावा आहे, आणि तो फार कडू आहे.

१९५३ मध्ये, आणि पुन्हा १९५५ मध्ये, कॅनडा सरकारने उत्तर क्वेबेकमधल्या इनुक्जुआकहून काही इनुइट (म्हणजे त्या बर्फाळ मुलखातले मूळ रहिवासी) कुटुंबं उचलली आणि सुमारे दोन हजार किमी उत्तरेला नेऊन सोडली. "तिकडे शिकार भरपूर आहे, नाही आवडलं तर दोन वर्षांनी परत आणू," असं सांगून. जहाजावर चढल्यावर कळलं की सगळे एकत्र राहणार नाहीत. कोणी रेझोल्यूटला, कोणी ग्रीस फियोर्डला, दोन्ही आजच्या नुनावुतमध्ये. नेलं तेव्हा उन्हाळा सरत आलेला, राहायला तंबू. ज्यांनी आयुष्यात कधी सूर्य न उगवलेला दिवस पाहिला नव्हता त्यांना तीन-साडेतीन महिने सूर्य न उगवणाऱ्या जागी बसवलं. परत आणायचं वचन कोणी पाळलं नाही. भरपाई १९९६ मध्ये, जाहीर माफी २०१० मध्ये.

ग्रीस फियोर्डचं इनुइट नाव औयुइत्तुक, म्हणजे जे कधी वितळत नाही ते. रेझोल्यूटचं कौसुइत्तुक, जिथे उजाडत नाही ते. गावाला नाव देताना तक्रारच नोंदवून ठेवली लोकांनी.

रेझोल्यूटला नेलेल्यांत पाच वर्षांचा एक मुलगा होता, जॉन अमागोआलिक. पुढे नुनावुतच्या मागणीचा तो म्होरक्या झाला. त्याला आज नुनावुतचा जनक म्हणतात. नकाशावेडा, तुमच्या "कशाला"चं निम्मं उत्तर त्या जहाजावर आहे.

सांगलीचीहळद

_/\_ म्हातारबा. हे माहीतच नव्हतं.

कानामात्रा

जाता जाता, लिपीबद्दल कोणीच कसं बोललं नाही? इनुक्तितुतची, म्हणजे इनुइटांच्या भाषेची, लिपी बघाच. त्रिकोण, हूक, कमानी अशा आकृत्या असतात. आकृती म्हणजे व्यंजन, आणि ती कोणत्या दिशेला तोंड करून बसलीय त्यावरून स्वर. आपण प ला वेलांटी लावतो, उकार देतो; ते आख्खा प फिरवतात. वर तोंड केलं की पि, उजवीकडे पु, डावीकडे पा. स्वर तीनच, त्यामुळे बाराखडी नाही, तिनखडी. शेवटी पाय मोडायचा असेल तर अक्षर छोटं करून वर टांगायचं.

मूळ लिपी १८४० च्या सुमाराला जेम्स इव्हान्स नावाच्या पाद्र्याने क्री लोकांसाठी बेतली. तिच्यामागे लघुलिपीबरोबर देवनागरीचाही विचार असावा असं काही अभ्यासक मानतात. म्हणजे लांबची का होईना, चुलतबहीण.

अवांतर: राजधानी इकालुइत. अर्थ, खूप मासे असलेली जागा. रोमन लिपीत लिहिताना क्यू दिसला की इंग्रजीच्या सवयीने पुढे एक यू घुसडतात. २००९ मध्ये थेट कॅनडाच्या पंतप्रधान कार्यालयाच्या पत्रकात ही चूक झाली होती. त्या एका अक्षराने अर्थ होतो, ज्यांनी ढुंगण पुसलेलं नाही असे लोक.

खमंग_काकडी

ऱ्हस्व-दीर्घाला काय फरक पडतो म्हणणाऱ्यांनी वरचा प्रतिसाद फ्रेम करून लावावा.

उत्तरा_को

धाग्यावर उशिरा आले. मी इकालुइतमध्ये दोन हिवाळे काढलेत, रक्ततपासणीच्या लॅबमध्ये होते. त्यामुळे थोडं आँखों देखा हाल.

आधी एक गैरसमज: "सहा महिने रात्र" इकालुइतला नाही. ते उत्तर ध्रुववृत्ताच्या खाली येतं. डिसेंबरात चार-साडेचार तास दिवस असतो, डबा खाताना खिडकीत ऊन दिसलं की आजचा दिवस मिळाला म्हणायचं. जूनमध्ये उलट, रात्री बारालाही पोरं फुटबॉल खेळत असतात. खरी ध्रुवीय रात्र वर, ग्रीस फियोर्डसारख्या ठिकाणी. झाड मात्र अख्ख्या गावात एकही नाही. फेब्रुवारीचं सरासरी तापमान उणे सत्तावीसच्या आसपास, वारा सुटला की विचारू नका. पापण्यांना दव लागून गोठतं, डोळा मिटला की उघडायला दोन सेकंद लागतात.

घरं जमिनीवर नसतात, लोखंडी पायांवर उभी असतात. खाली कायमची गोठलेली माती. घराची ऊब तिला लागली तर ती भिजून ढेपाळते आणि घर कलतं, म्हणून मधून वारा खेळता ठेवायचा. पाइपलाइन गावाच्या मध्यात थोडी आहे, बाकी सगळीकडे टँकर. पाण्याचा ट्रक वेगळा, मैल्याचा वेगळा. मैल्याची टाकी भरली की पाण्याचा पंप आपोआप बंद. एकदा डोक्याला शाम्पू लावलाय आणि नळ गप्प. बाहेर हिमवादळ, ट्रक दुसऱ्या दिवशी येणार. माझं माहेर बीड. आईला फोनवर सांगितलं तर म्हणाली, "टँकरचीच वाट बघायची होती तर एवढ्या लांब कशाला गेलीस?"

किराणा विमानाने येतो, म्हणून महाग. भाजी, दूध, पीठ, काहीही उचला, ओटावाच्या दुप्पट-अडीचपट. थोडी सवलत सरकार देतं, तरी. म्हणून शहाणी माणसं जहाजावर भिस्त ठेवतात. समुद्र जुलै ते ऑक्टोबर एवढाच मोकळा असतो. त्यात मॉन्ट्रियलकडून जहाजं येतात. वर्षभराचं तेल, पीठ, साबण, टॉयलेट पेपर सगळं यादी करून आधी मागवायचं. आमची रत्नागिरीची मामी आगोटीची बेगमी करायची ना, सुकी मासळी, कोकम, तांदूळ, सरपण, अगदी तसं. फक्त आगोट नऊ महिन्यांची. मी गेले तेव्हा भरती-ओहोटीत दहा मीटरच्या वर फरक पडणाऱ्या त्या खाडीत जहाज लांब उभं राहायचं आणि भरतीला तराफ्यावरून माल किनाऱ्यावर यायचा. लाकडी खोकी कोणी टाकून देत नाही, त्यांची शेड होते, कुत्र्याचं घर होतं.

जहाज चुकलं की बोंबला. पहिल्या वर्षी मी तूरडाळ लिहायची विसरले.

पावशेर

तूरडाळीशिवाय नऊ महिने? याला काळ्या पाण्याची शिक्षा म्हणतात.

सांगलीचीहळद

उत्तराताई, माणसं कशी आहेत? आपल्याला सामावून घेतात का? आणि खातात काय? सील वगैरे खरंच?

उत्तरा_को

@सांगलीचीहळद, माणसं कमी बोलतात, ते रागावल्यासारखं वाटतं आधी. "हो" म्हणायला नुसत्या भुवया वर करतात, "नाही"ला नाक मुरडतात. पहिला महिनाभर मला वाटायचं हे माझ्यावर नाक मुरडतायत.

खाण्याचं सांगते. बरोबरच्या एका मुलीने घरी बोलावलं. स्वयंपाकघरात जमिनीवर खोक्याचा पुठ्ठा अंथरलेला, त्यावर 'आर्क्टिक चार' जातीचा गोठलेला मासा आख्खा, शेजारी कॅरिबूची (तिकडच्या रेनडिअरची) तंगडी, सीलचं मांस. सगळे भोवती मांडी घालून. आजीच्या हातात उलू, म्हणजे अर्धचंद्राकृती पात्याची बायकांची सुरी. विळीचं पातं मोडून मुठीत धरल्यासारखी दिसते. ती कच्च्या गोठलेल्या माशाचे पापुद्रे काढून एकेकाला देत होती. मी देशस्थांच्या घरातली, मासा खाल्ला. जिभेवर आधी नुसता बर्फ, मग चव. सीलला नाक मुरडलं, सगळे हसले. आलेला-गेलेला शेजारी न विचारता बसतो आणि कापून घेतो. शिकार घरात ठेवून एकट्याने खाल्ली तर ती गावात बोलायची गोष्ट होते.

आणि नावाची गंमत. गावात नुकतं वारलेल्या माणसाचं नाव पुढे जन्मणाऱ्या बाळाला देतात, मुलगा-मुलगी बघत नाहीत, आणि नातंही बरोबर जातं. त्या घरात साठीची आजी तीन वर्षांच्या नातीला "अनाना" अशी हाक मारत होती. अनाना म्हणजे आई. तिच्या आईचं नाव पोरीला होतं. पोरगी रडायला लागली तर आजी म्हणाली, "माझ्या आईला असं रडवू नका."

सांगलीचीहळद

काटा आला. आमच्या चुलतभावाचं नाव आजोबांचं. आजी त्याला मरेपर्यंत "मालक" म्हणायची, कारण नाव घ्यायचं नाही. भर लग्नात "मालकांना जेवायला वाढा" म्हणून ओरडायची आणि वधूकडचे गोंधळायचे.

म्हातारबा

नावावरून आठवलं. या लोकांना आडनाव नव्हतं, तर सरकारी कारकुनांची पंचाईत. १९४० च्या दशकात उपाय काय काढला, प्रत्येकाला नंबर कोरलेली एक गोल चकती, गळ्यात घालायची. तीस-एक वर्षं हे चाललं. १९६८ नंतर अबे ओकपिक नावाचा त्यांच्यातलाच एक माणूस वस्तीवस्तीत फिरला, घरोघर बसून विचारलं, तुम्हाला आडनाव काय लावायचंय? आणि लिहून घेतलं. तीन वर्षं लागली त्याला.

शंकासुर

हे सगळं हृद्य आहे, पण माझ्या पैशांच्या मुद्द्याला कोणी हात लावला नाही.

भामरागडी

मी लावतो. १९९३ च्या करारात इनुइटांनी बाकीच्या जमिनीवरचा परंपरेचा हक्क सोडला. त्या बदल्यात सुमारे साडेतीन लाख चौ. किमी जमीन त्यांच्या मालकीची झाली, चौदा वर्षांत मिळून एक अब्ज डॉलरच्या वर रक्कम ठरली, आणि वेगळ्या प्रदेशाचं वचन मिळालं. म्हणजे ओटावातून येणारा पैसा ही खैरात समजू नका, सौदा होता तो. तुम्ही प्लॉट बिल्डरला दिलात आणि बदल्यात फ्लॅट घेतलात, तर बिल्डर तुम्हाला फुकट सांभाळतोय असं म्हणाल का?

शंकासुर

बिल्डरने ताबा वेळेवर दिला असता तर उपमा पटली असती. :)

तळ्यातमळ्यात

त्यांचं विधिमंडळही वाचण्यासारखं आहे. सदस्य २२, पक्ष एकही नाही. सगळे अपक्ष निवडून येतात, मग एकत्र बसून गुप्त मतदानाने आपल्यातला मुख्यमंत्री निवडतात. १९९९ चा पहिला मुख्यमंत्री, पॉल ओकालिक, चौतीस वर्षांचा होता.

खमंग_काकडी

पक्षच नाहीत तर फोडणार काय?

तळ्यातमळ्यात

:) आणि हे ऐका: विधिमंडळ स्थापन व्हायच्या आधी सूचना होती की प्रत्येक मतदारसंघातून दोन जण निवडायचे, एक बाई, एक पुरुष. म्हणजे बरोब्बर निम्म्या बायका, कायद्याने. १९९७ मध्ये सार्वमत घेतलं आणि लोकांनी ते पाडलं. झालं असतं तर जगात पहिलं ठरलं असतं.

कॅनडाच्या संसदेत मात्र या अख्ख्या मुलखाचा खासदार एकच. म्हणजे प्रचाराला विमान भाड्याने घ्यायचं.

दुबईकर_बंड्या

एक गोष्ट कळली नाही. २५ वस्त्या, तीन जिल्ह्यांसारखे विभाग (किकिक्तालुक, किवल्लिक, कितिकमेओत), पण एकमेकांत रस्ता नाही. मग व्यवहार कसा होतो?

उत्तरा_को

@दुबईकर_बंड्या, आपसात फार होतच नाही. तीनही विभागांची तोंडं दक्षिणेला. बॅफिनकडच्या माणसाला मोठं आजारपण आलं की विमानाने ओटावा. हडसन उपसागराच्या पश्चिमेकडचा, रँकिन इनलेट, आर्वियातचा माणूस विनिपेगला. केंब्रिज बेचा यलोनाइफला किंवा एडमंटनला. लहान वस्त्यांतल्या गरोदर बायकांनाही काही आठवडे आधी घर सोडावं लागतं, बाकीची पोरं मागे ठेवून. माझ्याकडे नमुने द्यायला यायच्या, त्यातल्या एकीने बाळाला सांगायला म्हणून रोज खिडकीतून काय दिसलं ते वहीत लिहून ठेवलं होतं.

घड्याळंही तीन. नव्या सरकारने सुरुवातीला सगळीकडे एकच वेळ लावून पाहिली, लोकांनी जुमानली नाही, दीडेक वर्षात सोडून दिली.

पावशेर

एवढ्या जागेत सीमेचं भांडण तरी नसेल ना?

नकाशावेडा

आहे! म्हणजे होतं. हान्स बेट, जेमतेम सव्वा चौ. किमीचा खडक, नुनावुत आणि ग्रीनलंडच्या मधोमध. माणूस नाही, झाड नाही. कॅनडाचे सैनिक जाऊन झेंडा लावायचे आणि व्हिस्कीची बाटली ठेवून यायचे. डेन्मार्कवाले येऊन झेंडा काढायचे, बाटली घ्यायचे, आपला झेंडा आणि आपली दारू ठेवून जायचे. २०२२ मध्ये बेट अर्धं-अर्धं वाटून घेतलं.

पावशेर

बेळगावला हा उपाय कोणी सुचवला नाही अजून. मी बाटली द्यायला तयार आहे.

संपादक_मंडळ

बेळगाववर वेगळा धागा आहे. कृपया तिकडे.

उत्तरा_को

नकाशावेडा, तुमच्या मुलाच्या प्रश्नाचं उत्तर राहूनच गेलं, आणि अख्ख्या धाग्यात तोच प्रश्न सगळ्यात नेमका होता. त्याला सांगा, घरं मोठी नाहीत, आणि पुरेशीही नाहीत.

तिथल्या निम्म्याहून अधिक इनुइट माणसांची घरं गर्दीची आहेत, आणि हे जनगणनेच्या निकषाने. तीन खोल्यांत दहा-अकरा जण ही नवलाची गोष्ट नाही. प्रत्येक फळी, प्रत्येक खिळा जहाजाने येतो. बांधकामाचा हंगाम काही आठवड्यांचा. स्वतःचं घर बांधणं बहुतेकांना परवडत नाही, सरकारी घरांची यादी लांबलचक. लोकसंख्या तरुण, साधारण तिसरा हिस्सा पंधराच्या आतला. दाटीमुळे क्षयरोग अजून हटत नाही. आमच्या लॅबमधलं निम्मं काम तेच होतं असं मला वाटायचं.

वर सांगितलेली ती मुलगी रात्रपाळी मागून घ्यायची. मला वाटे भत्त्यासाठी. एकदा बोलता बोलता म्हणाली, रात्री घरात पाठ टेकायला जागा नसते. सकाळी भाऊ शाळेत गेला की त्याची गादी मोकळी होते, मग ती झोपणार. दुपारी तो आला की उठणार.

खिडकीबाहेर मात्र क्षितिजापर्यंत काहीही नाही.

म्हातारबा

उत्तराताई, माझे वडील लालबागला गिरणीत होते. आमच्या चाळीत गाळ्यात पंधरा-वीस गडी, तीन पाळ्या, वळकट्या मात्र त्याच. पहिली पाळी उठली की तिच्या ऊबेत तिसरी पाळी झोपायची. तिथे दाटी होती म्हणून दाटी होती. इथे पन्नास चौरस किलोमीटर माणशी, आणि तरी गादी पाळीने. आकडा काढणाऱ्याला बोलवा जरा.

शंकासुर

आकडा काढणारा नकाशावेडा आहे. धरा.

नकाशावेडा

धरा. भागाकार बरोबर होता, पण केलाच चुकीचा. माणसं त्या २०.९ लाखांवर पसरलेली नाहीतच, २५ ठिपक्यांत कोंबलेली आहेत. इकालुइत एकट्यात सात हजारांवर.

भामरागडी

त्यातही एक पोटप्रश्न. ते ठिपके त्यांचे त्यांनी ठरवले का? माझ्या वाचनाप्रमाणे १९५० पर्यंत बहुतेक माणसं चार-पाच कुटुंबांच्या तळांवर, शिकारीमागे फिरती होती. शाळा, दवाखाना, भत्ता हवा असेल तर वस्तीत या, असं झाल्यावर गावं झाली. म्हणजे आधी फिरत्या माणसाला एका जागी बसवायचं आणि मग बाकीची जमीन मोकळी आहे म्हणायचं. माडिया पाड्यांच्या बाबतीत हेच होताना मी पाहिलंय.

कानामात्रा

आणि मोकळी नाहीच हे त्यांनी नकाशानेच सिद्ध केलं, नकाशावेडा! १९७० च्या दशकात गावोगावच्या शिकाऱ्यांसमोर नकाशे पसरले. तुम्ही आयुष्यात कुठे कुठे कॅरिबू मारला, सील धरला, मासे काढले ते रेषा ओढून दाखवा. शेकडो माणसांच्या रेषा एकावर एक ठेवल्या तर त्या मुलखाचा फारच थोडा भाग कोरा उरला. १९७६ मध्ये तो अहवाल तीन खंडांत निघाला आणि जमिनीच्या मागणीचा तोच पाया झाला. आपल्याला जे पांढरं दिसतं ते त्यांच्या दृष्टीने वहिवाटीचं.

नकाशावेडा

वा! हा नकाशा चिरंजीवांना दाखवणार. काल त्याला गादीची गोष्ट सांगितली. बराच वेळ गप्प होता, मग म्हणाला, "रविवारी दोघांना सुट्टी असेल तेव्हा?"

उत्तराताई, याचं उत्तर आहे का?

उत्तरा_को

रविवारी ती सोफ्यावर. सोफा मामाचा, पण मामा शिकारीला गेला असेल तर.

गावठी_गुलाब

धाग्यावर पहिल्यांदाच लिहितेय. माझ्या नवऱ्याला रँकिन इनलेटला दोन वर्षांसाठी नोकरी मिळालीय, ऑगस्टमध्ये निघायचं. धागा वाचून निम्मा धीर आला, निम्मा सुटला. उत्तराताई, सामानात काय काय घेऊ? प्रेशर कुकर तिथे मिळतो का?

उत्तरा_को

@गावठी_गुलाब, अभिनंदन! कुकर घेऊनच जा, आणि रिंगा दोन जादा, शिट्टीचा रबरही. हिंग, गोडा मसाला, पापड हलकं असतं, विमानात न्या. डाळ-तांदूळ जहाजाच्या यादीत टाका, पण यादीची शेवटची तारीख जूनच्या आसपास असते, ती आत्ताच विचारून ठेवा. हुड असलेला जाड पार्का भारतातून घेऊ नका, उपयोग नाही, तिथल्याच बायका शिवतात तो घ्या. भुवयांचं वर लिहिलंय ते नवऱ्याला आधी सांगा. आणि तूरडाळ दोनदा लिहा.

पावशेर

तीनदा.